थ्रीडीएसवरचे जुने पोकेमॉन स्विचवर आणायचे असतील तर आधी कोणता टप्पा उरकावा?

तुमचा प्रश्न मी असा समजलो आहे: शाळेत असताना खेळलेला ‘पोकेमॉन एक्स’ तुमच्याकडे कार्ट्रिजसह आहे, तो ज्या निन्टेन्डो थ्रीडीएसवर खेळलात ते यंत्र अजून सुरू होते, आता घरात स्विच आणि ‘पोकेमॉन स्कार्लेट’ आले आहेत, आणि फोनवर ‘पोकेमॉन गो’ आहेच. या तिन्ही ठिकाणचे पोकेमॉन एकत्र करून स्कार्लेटमध्ये न्यायचे आहेत; त्यांत ग्रेनिन्जा, टॅलनफ्लेम, एजिस्लॅश आणि फुरफ्रू यांची नावे तुम्ही खास लिहिली आहेत. त्यासाठी ‘पोकेमॉन होम’ या क्लाउड सेवेचे वर्षभराचे सदस्यत्व घ्यावे का, ते पुढे बंद केले तर पोकेमॉन जातील का, आणि मामेभावाकडच्या ‘एमराल्ड’ या त्याहून जुन्या गेमच्या कार्ट्रिजमधले पोकेमॉनही याच वाटेने येतील का, असे तुम्ही विचारले आहे.

सदस्यत्वाचा प्रश्न यात सर्वांत सोपा आहे, म्हणून त्याचे उत्तर मी नंतर देतो. खरी अडचण अशी की थ्रीडीएस ते स्विच हा प्रवास एका उडीत होत नाही. मध्ये ‘पोकेमॉन बँक’ ही थ्रीडीएसवरची जुनी क्लाउड सेवा आहे, तिच्यातून ‘होम’ या नव्या क्लाउड सेवेत जावे लागते, आणि तिथून स्कार्लेटमध्ये. यांपैकी होम ही चालू सेवा आहे. बँक मात्र अशा यंत्रावर आहे ज्याचे दुकान बंद झाले आहे आणि ज्याची ऑनलाइन खेळाची सोयही संपली आहे. त्यामुळे मी गेली अनेक वर्षे स्वतःचा संग्रह पुढे नेताना आणि इतरांना मदत करताना एकच क्रम पाळत आलो आहे: जो टप्पा आधी बंद पडण्याची शक्यता आहे तो आधी उरकायचा, आणि पोकेमॉन शेवटी कोणत्या गेममध्ये राहतील याचा विचार नंतर सावकाश करायचा.

आता परिस्थितीवर अवलंबून असलेला मुख्य मुद्दा. थ्रीडीएसचे ई-शॉप, म्हणजे ऑनलाइन दुकान, २७ मार्च २०२३ रोजी नव्या खरेदीसाठी बंद झाले. त्याआधी बँक वापरण्यासाठी वार्षिक शुल्क भरावे लागत असे. त्यानंतर ती विनामूल्य झाली, पण नव्याने उतरवून घेता येईनाशी झाली. ज्यांनी त्या तारखेपूर्वी बँक एकदा तरी घेतली होती त्यांना ती पुन्हा डाउनलोड करता येते. म्हणून सगळ्यांत आधी थ्रीडीएस सुरू करून मुख्य पडद्यावर बँकेचे चिन्ह आहे का ते पाहा. नसेल तर ई-शॉपमध्ये जाऊन पूर्वी घेतलेल्या सॉफ्टवेअरच्या यादीत ते शोधा. तुम्ही त्या काळी कधी एकदा बँक घेऊन विसरला असण्याची बरीच शक्यता आहे; अनेकांच्या बाबतीत मी हे पाहिले आहे. ८ एप्रिल २०२४ रोजी थ्रीडीएसवरचा ऑनलाइन खेळ बंद झाला तेव्हा बँकही गेली असा अनेकांचा समज झाला, पण ती त्या निर्णयातून वगळली होती. तरीही ती कायम राहील असे वचन कोणी दिलेले नाही, आणि म्हणूनच हे काम पुढच्या सुटीवर ढकलू नये असे मला मनापासून वाटते.

इंटरनेट जोडताना एक तांत्रिक अडथळा हमखास येतो. थ्रीडीएसला फक्त २.४ गिगाहर्ट्झचे वाय-फाय कळते, आणि डब्ल्यूपीए३ ही नवी सुरक्षापद्धत त्याला येत नाही. हल्ली घरी बसवलेले राउटर बहुधा दोन्ही पट्टे एकाच नावाने दाखवतात, आणि मग थ्रीडीएस जोडणी नाकारते किंवा त्याला ते नेटवर्क दिसतच नाही. अशा वेळी यंत्र बिघडले असे समजू नये. राउटरमध्ये २.४ गिगाहर्ट्झचे स्वतंत्र नाव देऊन डब्ल्यूपीए२ निवडावे, किंवा फोनचा हॉटस्पॉट २.४ वर ठेवून त्यावर काम करावे. यंत्र कित्येक वर्षे पडून असेल तर बॅटरी फुगलेली नाही ना हे मागचे झाकण पाहून तपासा, आणि संपूर्ण स्थलांतर चार्जर लावूनच करा. सर्वांत महत्त्वाचे म्हणजे काहीही झाले तरी थ्रीडीएस ‘फॉरमॅट’ करू नका. बँकेचे तुमचे खाते निन्टेन्डो नेटवर्क आयडीशी (थ्रीडीएसच्या काळातले निन्टेन्डोचे जुने खाते) आणि तो आयडी त्या यंत्राशी बांधलेला असतो.

बँक मिळाली असे धरून पुढे सांगतो. बँकेत १०० बॉक्स (पोकेमॉन ठेवण्याचे कप्पे), प्रत्येकात ३०, म्हणजे ३००० पोकेमॉन मावतात, आणि एक्समधले सगळे बॉक्स भरले तरी ती संख्या ९३० च्या वर जात नाही. तेव्हा जागेची चिंता नाही. एक्समध्ये आधी बसून प्रत्येक पोकेमॉनच्या हातातील वस्तू काढून घ्या, संघातले पोकेमॉन बॉक्समध्ये ठेवा, अंडी बाजूला करा, आणि मग गेम सेव्ह करून बंद करा. त्यानंतर बँक उघडून हवे ते बॉक्स तिच्यात हलवा. या टप्प्यापर्यंत परतीची वाट खुली असते, कारण एक्समधून बँकेत गेलेला पोकेमॉन पुन्हा एक्समध्ये आणता येतो. बँकेतून होममध्ये गेलेला मात्र परत येत नाही. म्हणून बँकेतच दोन वाटण्या करा: जे कायमचे पुढे न्यायचे त्यांचे बॉक्स वेगळे, आणि ज्यांच्यासह तुम्हाला अधूनमधून कालोसमध्ये, म्हणजे एक्सच्या जगात, खेळायला आवडेल ते वेगळे. ज्यांच्याशी तुमचा जीव गुंतला आहे ते पहिल्या वाटणीत ठेवावेत असे मी सांगेन. एक्सचे कार्ट्रिज आज चालते म्हणून दहा वर्षांनीही चालेल असे नाही, आणि बँक गेल्यावर त्यातून काहीही बाहेर काढण्याचा अधिकृत मार्ग उरणार नाही.

यानंतर होमकडे. फेब्रुवारी २०२० मध्ये सुरू झालेली ही सेवा स्विचवर आणि फोनवर अशी दोन्हीकडे चालते. दोन्हीकडे एकच निन्टेन्डो खाते जोडलेले आहे याची खात्री करा, नाहीतर एकाच घरात दोन वेगळे संग्रह तयार होतात आणि लोक ‘पोकेमॉन हरवले’ म्हणून घाबरतात. घरातला स्विच भावंडांत सामाईक असेल तर आणखी एक गोष्ट लक्षात घ्या: स्विचवरील होम ज्या वापरकर्त्याच्या नावाने उघडाल त्याच वापरकर्त्याचा स्कार्लेटचा सेव्ह त्याला दिसतो. स्कार्लेट तुमच्या नावाने खेळत असाल आणि होम बहिणीच्या नावाने उघडले तर दोघांची गाठच पडणार नाही. स्थलांतराच्या वेळी होम एक ‘मूव्हिंग की’, म्हणजे तात्पुरता संकेतांक, दाखवते, ती थ्रीडीएसवरील बँकेत भरायची असते आणि ती काही मिनिटांतच निरुपयोगी होते. त्यामुळे दोन्ही यंत्रे शेजारी ठेवून, दोन्हीकडे इंटरनेट चालू असल्याची खात्री करूनच सुरुवात करा. हलवणे चालू असताना कोणतेही झाकण मिटवू नका.

सदस्यत्वाची गरज नेमकी इथे लागते. होमच्या विनामूल्य योजनेत एकच बॉक्स, म्हणजे ३० पोकेमॉन मावतात, आणि बँकेतून होममध्ये आणण्याची सोय तिच्यात नाही. प्रीमियम योजनेत २०० बॉक्स, म्हणजे ६००० पोकेमॉन मावतात. तिचे अमेरिकेतील दर सुरुवातीपासून एका महिन्याला २.९९ डॉलर, तीन महिन्यांना ४.९९ आणि वर्षाला १५.९९ डॉलर असे राहिले आहेत. तुमच्या परिस्थितीत आधी एकच महिना घ्यावा, कारण बँकेतून आणण्याचे काम एका निवांत संध्याकाळी होते, आणि स्कार्लेटला कोणते पोकेमॉन चालतात, किती उरतात, हे कळल्याशिवाय वर्षाचा हिशेब करण्यात अर्थ नाही. भारतात एक वेगळीच अडचण येऊ शकते. इथे बहुतेकांचे स्विच बाहेरून आणलेले असतात आणि निन्टेन्डो खात्यात दुसऱ्या देशाची नोंद असते. त्या देशाच्या ई-शॉपला तुमचे कार्ड चालेलच असे नाही. म्हणून पैसे कसे भरणार हे बँकेचे काम सुरू करण्याआधीच ठरवून ठेवा.

सदस्यत्व संपल्यावर काय होते? पहिल्या बॉक्समधले ३० तुम्हाला दिसत आणि हलवता येत राहतात. बाकीचे सर्व्हरवर असतात, पण पुन्हा सदस्यत्व घेईपर्यंत त्यांना हात लावता येत नाही. म्हणून मी लोकांना सांगतो की महिना संपण्यापूर्वी सर्वांत प्रिय असे ३० पहिल्या बॉक्समध्ये आणा, आणि उरलेल्यांपैकी जे स्विचवरील गेमना चालतात ते तिथे हलवा. स्कार्लेटमध्ये ३२ बॉक्स आहेत, म्हणजे ९६० जागा. बहुतेकांचा जुना संग्रह तेवढ्यात बसतो.

मात्र इथे एक विचार थांबून करायला हवा. क्लाउड म्हटले की आपल्या मनात ‘प्रत सुरक्षित आहे’ असा अर्थ येतो. होमच्या बाबतीत तो खरा नाही, कारण ही झेरॉक्सची व्यवस्था नसून मूळ कागद एका कपाटातून दुसऱ्या कपाटात ठेवण्याची व्यवस्था आहे. पोकेमॉन होममध्ये असेल तर स्कार्लेटमध्ये नसतो, आणि स्कार्लेटमध्ये असेल तर होममध्ये नसतो. त्यात भर अशी की निन्टेन्डोच्या सशुल्क ऑनलाइन सदस्यत्वात इतर अनेक गेमचे सेव्ह क्लाउडवर आपोआप जतन होतात, पण लेट्स गो, सोर्ड-शील्ड, ब्रिलियंट डायमंड-शायनिंग पर्ल आणि स्कार्लेट-व्हायोलेट हे स्विचवरचे पोकेमॉन गेम त्या सोयीतून वगळलेले आहेत. स्विच चोरीला गेला किंवा पाण्यात पडला तर स्कार्लेटमधले सगळे गेले, असाच याचा अर्थ. तेव्हा निवड ‘क्लाउड की गेम’ इतकी सरळ नाही. होममध्ये पोकेमॉन यंत्राच्या बिघाडापासून सुरक्षित राहतात, पण सदस्यत्वावर अवलंबून राहतात; गेममध्ये ते सदस्यत्वापासून मुक्त असतात, पण त्या एका यंत्राच्या नशिबाला बांधलेले राहतात. माझी स्वतःची पद्धत अशी: जे पुन्हा मिळणे शक्य नाही, म्हणजे जुन्या कार्यक्रमांत वाटलेले, जुन्या रिबन (खेळातली सन्मानचिन्हे) मिळवलेले, किंवा पहिल्या प्रवासातले सोबती, ते होममध्ये, आणि जे पुन्हा पकडता येतील ते गेममध्ये. याच कारणासाठी निन्टेन्डो खात्याला दोन टप्प्यांची पडताळणी लावणे आणि त्याचा ईमेल चालू ठेवणे हे मी संग्रहाच्या देखभालीचाच भाग मानतो.

आता स्कार्लेटमध्ये काय जाईल हे पाहू. २०१९ मध्ये सोर्ड-शील्डच्या वेळी निर्माता जुनिची मासुदा यांनी जाहीर केले की यापुढे प्रत्येक गेममध्ये प्रत्येक जातीचा पोकेमॉन असणार नाही. त्याने चाहते खूप दुखावले होते, आणि ते दुःख मला आजही समजते. पण तेव्हापासून होम हे केवळ पुलाचे काम न करता ज्यांना कोणत्याच गेममध्ये जागा नाही त्यांचे घरही झाले आहे. तुम्ही लिहिलेल्या नावांपैकी ग्रेनिन्जा आणि टॅलनफ्लेम स्कार्लेटमध्ये जातील. एजिस्लॅशला स्कार्लेटमध्ये जागा नाही, सोर्ड-शील्डमध्ये आहे. फुरफ्रूला तर लेट्स गोपासून स्कार्लेट-व्हायोलेटपर्यंत स्विचवरील एकाही गेमने घेतले नाही, त्यामुळे तुमच्या या बेतात त्याला होममध्येच ठेवणे भाग आहे. स्कार्लेट मे २०२३ पासून होमशी जोडलेला आहे, आणि पुढच्या अतिरिक्त भागांमुळे वाढलेल्या जाती आणण्यासाठी ते भाग विकत घेतलेले असावे लागत नाहीत, फक्त गेम अद्ययावत लागतो.

पोकेमॉन नव्या गेममध्ये गेल्यावर त्याचे काय बदलते, याची अनेकांना काळजी असते. मूळ ट्रेनरचे नाव, ओळखक्रमांक, टोपणनाव, ज्या बॉलमध्ये पकडला तो बॉल, रिबन आणि शायनी (वेगळ्या रंगाचा दुर्मिळ) असणे हे सगळे टिकते. तो कालोसचा आहे हे दाखवणारी निळी पंचकोनी खूणही राहते. बदलतात त्या चाली, म्हणजे लढाईत वापरायचे डाव. २०२२ पासून होम प्रत्येक गेमसाठी चालींचा वेगळा संच लक्षात ठेवते. ग्रेनिन्जा स्कार्लेटमध्ये पहिल्यांदा जाईल तेव्हा त्याला त्या गेमच्या नियमांप्रमाणे आणि त्याच्या पातळीप्रमाणे चाली मिळतील. त्याला शिकवलेली ‘रिटर्न’ तिथे नसेल, कारण त्या गेममध्ये ती चालच नाही. स्कार्लेटमधून तो होममध्ये परत येऊ शकतो; ज्यांना सोर्ड-शील्डमध्ये जागा आहे असे पोकेमॉन पुढे तिथेही जाऊ शकतात, ग्रेनिन्जाला मात्र तिथे जागा नाही. परत येण्याच्या या सोयीला दोन अपवाद ध्यानात ठेवा. लेट्स गोमधून बाहेर पडून दुसऱ्या गेममध्ये गेलेला पोकेमॉन लेट्स गोमध्ये परत जात नाही. आणि २०२५ मध्ये आलेल्या ‘लेजेंड्स झेड-ए’मध्ये नेलेला पोकेमॉन त्याआधीच्या गेममध्ये परत आणता येणार नाही, असे कंपनीने स्पष्ट केले आहे. झेड-ए कालोसमध्येच घडत असल्यामुळे तुमच्या संघाला तिथे न्यावेसे वाटणे स्वाभाविक आहे, पण स्कार्लेटमधला खेळ पुरता झाल्यावरच ते करा.

बँक मिळालीच नाही तर? तरीही वाट पूर्ण बंद होत नाही. थ्रीडीएसचा ऑनलाइन खेळ संपला असला तरी जवळ बसून होणारी अदलाबदल सर्व्हरवर अवलंबून नाही, ती आजही चालते. ज्याच्या थ्रीडीएसवर बँक आहे आणि ज्याच्याकडे एक्स, वाय, ओमेगा रुबी किंवा अल्फा सफायर आहे असा विश्वासू खेळाडू शोधा. त्याला पोकेमॉन द्या, तो ते बँकेतून स्वतःच्या होममध्ये आणेल, आणि फोनवरील होममधून मित्रांशी होणाऱ्या अदलाबदलीने किंवा स्विचवरील गेममधून तुम्हाला परत करेल. मूळ ट्रेनर म्हणून तुमचेच नाव राहते. प्रत्येक पोकेमॉनमागे एक बदली पोकेमॉन द्यावा लागत असल्याने हे काम कंटाळवाणे आहे, म्हणून ते निवडक सोबत्यांपुरते ठेवावे. याच मित्राला शक्य तर प्रत्यक्ष भेटा. अनोळखी माणसाला कुरिअरने कार्ट्रिज पाठवण्याचा सल्ला मी देणार नाही. सेव्ह फाइल संगणकावर उघडून पोकेमॉन बाहेर काढणाऱ्या अनधिकृत साधनांचा सल्लाही देणार नाही, कारण फेरफार केलेली माहिती आढळल्यास होम ती नाकारू शकते आणि खात्यावर निर्बंधही येऊ शकतात. वर्षानुवर्षांचा संग्रह त्यासाठी पणाला लावू नये.

‘गो’चा टप्पा तुलनेने निवांत आहे, कारण तिथे बंद पडण्याची घाई नाही. गोच्या सेटिंगमधून तेच निन्टेन्डो खाते जोडले की पोकेमॉन होममध्ये पाठवता येतात. ते गोमध्ये परत येत नाहीत. प्रत्येक वेळी ठरावीक ऊर्जा खर्च होते, साध्या पोकेमॉनला थोडी, शायनी आणि लेजेंडरी यांना बरीच जास्त, आणि रिकामी झालेली ऊर्जा पूर्ण भरायला साधारण आठवडा लागतो. शॅडो पोकेमॉन (गोमधल्या खलनायकांकडून सोडवलेले) शुद्ध केल्याशिवाय जात नाहीत, आणि विशेष टोपी किंवा पोशाख घातलेले बहुतेक जात नाहीत. गोमध्ये तुमच्या रोजच्या लढायांना उपयोगी असलेले तिथेच राहू द्या आणि फक्त जादाचे पाठवा.

मामेभावाच्या एमराल्डबाबत मी तुम्हाला खोटी आशा दाखवणार नाही. ती वाट अस्तित्वात आहे, पण लांब आहे. गेम बॉय अ‍ॅडव्हान्सचे कार्ट्रिज घेणारी खाच फक्त मूळ डीएस आणि डीएस लाइट या यंत्रांना आहे. त्या खाचेत एमराल्ड आणि वरच्या खाचेत डायमंड, पर्ल, प्लॅटिनम, हार्टगोल्ड किंवा सोलसिल्व्हर ठेवून ‘पाल पार्क’मधून एका वेळी सहा पोकेमॉन आणावे लागतात, आणि पाण्यावरून जाणे किंवा झाड तोडणे यांसारख्या एचएम चाली येत असलेले पोकेमॉन त्यात चालत नाहीत. मग दोन डीएस शेजारी ठेवून त्यांना ब्लॅक किंवा व्हाइट या नंतरच्या गेममधल्या ‘पोके ट्रान्सफर लॅब’मध्ये न्यायचे, पुन्हा सहा-सहा करून. तिथून थ्रीडीएसवरील ‘पोके ट्रान्सपोर्टर’ हे अ‍ॅप गेमच्या पहिल्या बॉक्समधले ३० पोकेमॉन एकदम बँकेत आणते. हा ट्रान्सपोर्टरही ई-शॉप बंद होण्यापूर्वी घेतलेला असावा लागतो. शिवाय आपल्याकडे त्या काळी विकली गेलेली अनेक कार्ट्रिजे नकली होती, आणि त्यांना पाल पार्क बहुधा ओळखतच नाही. भावाकडे मधले गेम आणि डीएस लाइट आधीच असतील तर जरूर करा; सगळे नव्याने जमवायचे असेल तर खर्च आणि वेळ पाहून मी त्यातल्या एखाद्या खास पोकेमॉनसाठीच ते करेन. पण तुमच्या एक्सचे काम त्यासाठी अडवून ठेवू नका. एमराल्डच्या वाटेचे शेवटचे दार तुमच्या बँकेचेच आहे, ते उघडते का हे कळल्याशिवाय भावाच्या खटाटोपाला सुरुवात करण्यात अर्थ नाही.

तेव्हा आधी थ्रीडीएस चार्ज करून बँक आणि ट्रान्सपोर्टर ही दोन चिन्हे मिळतात का ते पाहून इथे लिहा, आणि कार्ट्रिज सुरू झाल्यावर साधारण किती बॉक्स भरलेले आहेत तेही सांगा. त्यावरून एक महिना पुरेल की तीन महिने घ्यावेत हे नेमके सांगता येईल.